आई-बाबांचा व्यायाम सुरू होतो पण टिकत नाही : घरच्यांकडून नेहमी येणारे प्रश्न

मी फिजिओथेरपिस्ट आहे, पुण्यात कोथरूड, सहकारनगर आणि पेठांमध्ये घरी जाऊन पेशंट बघते. गुडघे बदललेले, पॅरालिसिस होऊन गेलेले, पडून खुब्याचं हाड मोडलेले, आणि ज्यांना काहीच झालं नाहीये पण डॉक्टरांनी "जरा हातपाय हलवत जा" म्हणून सांगितलंय असेही भरपूर. कुठला व्यायाम करायचा हे सांगायला अर्धा तास पुरतो, तो तीन महिन्यांनी चालू आहे का हीच खरी भानगड. त्यावर मुलं, सुना, नवरे, बायका जे विचारत असतात ते इथे एकत्र लिहिलंय. वाचून कोणाचं औषध किंवा डॉक्टरांनी घातलेलं बंधन मात्र परस्पर बदलू नका.

प्र. बाबा दोन आठवडे मन लावून करतात आणि मग बंद. आळसच ना हा?

बहुतेक वेळा नाही. ज्या माणसाने तीस-पस्तीस वर्षं पिंपरीला फर्स्ट शिफ्टसाठी पहाटे कंपनीची बस पकडली तो रिटायर झाल्यावर एकदम आळशी होत नाही हो. व्यायाम बंद पडला की मी आधी बघते की करताना दुखतंय का, तोल जाईल अशी भीती वाटतीये का, एकदम फार व्यायाम गळ्यात मारलेत का, आणि नक्की कसं करायचं ते कळलंय का. शेवटचं फार कॉमन आहे, हॉस्पिटलमधून निघायच्या गडबडीत कोणीतरी दाखवलेलं असतं, घरी आल्यावर पाय किती वर उचलायचा आणि किती वेळ धरायचा हेच आठवत नाही, आणि विचारायला लाज वाटते म्हणून मग "करतो करतो" सुरू होतं. आळस म्हटलं की विषय तिथेच संपतो, कारण त्यावर कोणाकडेच इलाज नसतो. वरच्या कारणांवर मात्र प्रत्येकावर इलाज आहे.

प्र. कागदावर १२ व्यायाम दिलेत, प्रत्येकी १० वेळा, दिवसातून तीनदा. कोण करणार एवढं?

कोणीच नाही, आणि माझ्या व्यवसायातल्या लोकांनी हे कागद वाटणं थांबवलं पाहिजे असं माझं स्पष्ट मत आहे. ज्यांनी तो कागद दिला त्यांनाच फोन करून सरळ विचारा, "यातले फक्त तीन करायचे झाले तर कुठले?" उत्तर मिळतं. तीन नीट झाले की महिन्याभराने चौथा वाढवता येतो.

एक अपवाद आहे. गुडघा नुकताच बदललाय तर सुरुवातीचे आठवडे महत्त्वाचे असतात, गुडघा वाकणं आणि पूर्ण सरळ होणं हे त्याच काळात जास्तीत जास्त मिळवायचं असतं, तिथे "हळूहळू करू" म्हणून चालढकल केली तर नंतर जड जातं. तेव्हा ऑपरेशन झालेल्यांनी स्वतःच्या मनाने व्यायाम कमी करू नका, सर्जन किंवा फिजिओशी बोलून करा.

प्र. पण मुळात किती व्यायाम पुरतो?

जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये जे सांगितलंय ते असं की ६५ वर्षांपुढच्या लोकांनी आठवड्याला १५० ते ३०० मिनिटं मध्यम दमाचा व्यायाम करावा, दोन दिवस ताकदीचा, आणि तीन दिवस तोल आणि ताकद दोन्ही येईल असा. मध्यम दमाचा म्हणजे चालताना शेजारच्याशी बोलता येतंय पण गाणं म्हणता येत नाहीये. पण याच कागदात हेही आहे की काहीच न करण्यापेक्षा थोडं केलेलं चांगलं, आणि घरच्यांनी वाचायचं वाक्य हे आहे. जे आज खुर्चीतून पंख्याच्या बटणापर्यंत जातात त्यांना १५० मिनिटं ऐकवून काय होणार, ते मनातल्या मनात हात जोडतात आणि पेपर उघडतात.

प्र. आणि १० हजार पावलं?

तो आकडा जपानमधल्या एका पावलं मोजायच्या यंत्राच्या नावातून आलाय, १९६५ सालच्या. नावच मुळी "दहा हजार पावलं मोजणारं" असं होतं, त्यामागे काही वैद्यकीय हिशोब नव्हता. २०१९ मध्ये अमेरिकेतल्या वयस्कर बायकांवरचा एक मोठा अभ्यास आला, त्यात दिवसाला साधारण २,७०० पावलं चालणाऱ्यांपेक्षा ४,४०० चालणाऱ्यांमधलं मृत्यूचं प्रमाण बरंच कमी दिसलं आणि ७,५०० च्या पुढे आणखी फायदा दिसला नाही. त्यामुळे आई आज २,००० चालत असेल तर २,५०० हा तिचा पुढचा आकडा. मुलगा ऑफिसातल्या चॅलेंजमध्ये १२ हजार मारतो म्हणून तिला ते मोजमाप लावायची गरज नाही.

प्र. बाबा रोज सकाळी सारसबागेत दोन चकरा मारतात, आणखी काय हवं?

चकरा चालू ठेवा, उत्तम आहे. पण सपाट चालण्याने मांडीची ताकद आणि तोल दोन्ही पुरेसे मिळत नाहीत, आणि उतारवयात पडणं जे होतं ते बरेचदा या दोन्हींच्या कमतरतेमुळे. घरी एक गोष्ट करून बघा. हात नसलेली, साधारण १७ इंच उंचीची घट्ट खुर्ची भिंतीला टेकवून ठेवा, हात छातीवर घडी घालून ३० सेकंदांत पूर्ण उठणं-बसणं किती वेळा होतं ते मोजा, आणि शेजारी कोणीतरी उभं राहा. ७० ते ७४ वयाच्या पुरुषांचं १२ पेक्षा कमी आणि बायकांचं १० पेक्षा कमी आलं तर ताकद सरासरीपेक्षा कमी आहे असं धरतात. हात टेकल्याशिवाय उठताच आलं नाही तर आकडा शून्य, आणि रोज चार किलोमीटर चालणाऱ्या काकांचं हे होताना मी पाहिलंय, ते स्वतःच चक्रावतात.

गंमत अशी की हीच परीक्षा हाच व्यायाम. जेवणाच्या खुर्चीवरून जेवायच्या आधी पाच वेळा उठून बसायचं. सुरुवातीला हात टेकून, मग एका हाताने, मग हात न लावता. प्लॅस्टिकची खुर्ची वापरू नका, फरशीवर सरकते.

प्र. आजी ८७ वर्षांच्या आहेत, आता कशाला त्रास द्यायचा?

१९९० मध्ये बोस्टनला एका वृद्धाश्रमातल्या नव्वदीच्या आसपासच्या दहा जणांना आठ आठवडे पायाच्या ताकदीचा व्यायाम दिला होता, वजन लावून, नीट देखरेखीखाली. त्यांची ताकद सरासरी १७४ टक्क्यांनी वाढली. वय म्हणून स्नायू ऐकत नाही असं नाहीये.

उलट्या बाजूचा आकडाही सांगते. २००७ मध्ये धडधाकट ज्येष्ठांना फक्त दहा दिवस बेडवर झोपवून ठेवलं होतं तर पायांचा जवळजवळ एक किलो स्नायू गेला. आता डेंग्यू झाला, आठ दिवस ॲडमिट, मग घरी आल्यावर "आजी तू उठू नकोस, पाणी मी देते" असं प्रेमाने महिनाभर चालतं. प्रेम बरोबर आहे, पण पाण्याचा तांब्या आजींना स्वतः उठून घेऊ दे, तुम्ही फक्त बाजूला उभं राहा.

प्र. २१ दिवस केलं की सवय लागते म्हणतात, मग आईला का लागली नाही?

कारण २१ दिवसांचं खरं नाही. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजने ९६ लोकांना घेऊन याचा अभ्यास केला, तो २००९ मध्ये छापून आला. नवीन गोष्ट आपोआप व्हायला लागायला सरासरी ६६ दिवस लागले, पण कोणाला १८ तर कोणाला २५४ दिवसांचा अंदाज निघाला. आणि मध्ये एखादा दिवस चुकला तर काही बिघडत नाही हेही त्यात दिसलं.

त्यात लोकांना काय करायला सांगितलं होतं ते जास्त कामाचं आहे, रोज होणाऱ्या एखाद्या गोष्टीला ती नवीन गोष्ट जोडायची. "रोज व्यायाम करीन" हे हवेत राहतं. "सकाळी गॅसवर चहाचं आधण ठेवलं की ओट्याला धरून दहा वेळा टाचा उचलीन" हे राहत नाही, कारण चहा तर होणारच आहे. सदाशिव पेठेतल्या एक आजी आहेत, जिना चढून तिसरा मजला, त्यांच्याकडे व्यायामाची वेळ वगैरे काही नाही. आधण ठेवलं की टाचा, कुकर लावला की शिट्टी होईपर्यंत ओट्याला बोटं टेकवून एका पायावर उभं राहणं, दुसरी शिट्टी झाली की दुसरा पाय, आणि संध्याकाळी सिरीयलमध्ये जाहिराती लागल्या की खुर्चीतून उठबस. सूनबाई म्हणाल्या, अहो त्या व्यायाम करतच नाहीत. मी म्हटलं, बघा जरा नीट.

प्र. आठवण केली की आई चिडते, नाही केली तर करत नाही. करू काय?

"आज केलास का?" हा प्रश्न बंद करा. कितीही गोड आवाजात विचारला तरी तो हजेरी घेतल्यासारखाच वाटतो, आणि ज्या बाईने तुमचा गृहपाठ तपासला तिची हजेरी तुम्ही घ्यायची हे तिला कसं रुचेल. त्याऐवजी कालनिर्णय जिथे टांगलंय तिथे दोरीला पेन बांधा आणि केलेल्या दिवशी तिनेच खूण करायची. तुम्ही येता-जाता बघायचं, बोलायचं नाही. आठवड्याने बोलायचं ते झालेल्या खुणांबद्दल, रिकाम्या चौकोनांबद्दल नाही.

दुसरं म्हणजे सोबत करा. "तू कर" पेक्षा "चल, खाली दूध आणायला जाऊ" जास्त चालतं.

आणि तिला काय हवंय ते विचारलंय का कधी? गुडघा ११० अंश वाकवणं हे माझं टार्गेट असतं, तिचं नसतं. एका काकूंना तुळशीबागेत कोणाचाही हात न धरता जाऊन यायचं होतं, एका काकांना बालगंधर्वला नाटकाला जायचं होतं पण तिथल्या पायऱ्यांची धास्ती होती, एकांना पर्वतीच्या १०३ पायऱ्या चढून यायच्या होत्या (चढण्यापेक्षा उतरणं गुडघ्याला जड जातं, म्हणून तयारी उतरण्याची करावी लागली). एकदा हे कळलं की कुठला व्यायाम कशासाठी हे त्यांच्या भाषेत सांगता येतं.

प्र. मुलगा अमेरिकेत आहे, व्हिडिओ कॉलवर रोज लेक्चर देतो.

लेक्चरऐवजी कॉल चालू ठेवून दोघांनी मिळून दहा उठबश्या कराव्यात, त्याच्याही कमरेला बऱ्या. न्यूझीलंडमध्ये ओटागो विद्यापीठात तयार झालेला एक घरी करायचा ताकद आणि तोलाचा कार्यक्रम आहे, आठवड्यात तीनदा अर्धा तास आणि शिवाय चालणं, त्याने ज्येष्ठांचं पडणं साधारण ३५ टक्क्यांनी कमी झालेलं दिसलं. त्यात फिजिओ रोज घरी जात नाही, मोजक्या भेटी आणि मधल्या काळात फोन एवढंच. कोणीतरी नियमित चौकशी करतंय आणि जमलं तसा व्यायाम वाढवतंय यावर तो चालतो, आणि चौकशी सॅन होजेहूनही करता येते.

प्र. व्यायाम केला की दुखतं, मग बंद करू का?

कुठलं दुखणं ते बघा. नवीन व्यायामानंतर एक-दोन दिवस मांडी, पोटरी ठणकते ते चालतं, तीन दिवसांत जातं. जुन्या सांधेदुखीला मी शून्य ते दहाचं माप देते, करताना तीन-चारपर्यंत दुखलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पूर्ववत झालं तर चालू ठेवा, जास्त राहिलं तर थांबू नका पण निम्मं करा. सांधा सुजला, लाल-गरम झाला, एका पायाची पोटरी सुजून दुखायला लागली, तर डॉक्टरांना दाखवा. छातीत दाब, डाव्या हातात किंवा जबड्यात कळ, चक्कर, धाप न थांबणं, बोलणं अडखळणं, अशा वेळी लगेच थांबायचं, १०८ ला फोन करायचा, "ॲसिडिटी असेल" म्हणत जिरं-ओवा खात बसायचं नाही.

प्र. आई एकदा बाथरूममध्ये पडली, तेव्हापासून घराबाहेरच पडत नाही.

भीती खरी आहे, तिला "काही होत नाही गं" म्हणू नका, कारण एकदा झालंय. पण भीतीने हालचाल कमी, त्याने पाय कमजोर, त्याने तोल आणखी वाईट, आणि मग खरंच पडायला होतं, हे चक्र मी घरोघर बघते. सुरुवात घरात, स्वयंपाकघराच्या ओट्याच्या कोपऱ्यात, म्हणजे दोन्ही बाजूंना धरायला आहे. पायात मागे पट्टा असलेली चप्पल, गाऊन घोट्याच्या वर. बाथरूममध्ये दांडी बसवून घ्या, टॉवेलचा रॉड नव्हे, तो वजनाने निघून हातात येतो. चष्म्याचा नंबर तपासा, झोपेच्या आणि बीपीच्या गोळ्यांबद्दल डॉक्टरांशी बोला. मग पॅसेज, मग लिफ्टपर्यंत, मग खाली बाकापर्यंत. आपल्याकडचे फुटपाथ बघता रस्त्यावर सगळ्यात शेवटी, आणि तेही दुपारी रहदारी कमी असताना.

प्र. पावसाळा, मग गणपती, मग दिवाळी, मध्ये पाहुणे. वर्षाचं गणितच बसत नाही.

बसणारही नाही, म्हणून खंड पडणार हे धरूनच चाला. दोन गोष्टी आधी ठरवून ठेवा. एक, वाईट दिवसाचा व्यायाम. घरात पंधरा माणसं आहेत, आरतीची गडबड आहे, तर त्या दिवशी फक्त पाच उठबश्या, कॅलेंडरवर खूण तरीही होणार. दुसरं, परत कसं सुरू करायचं. दोन आठवडे सुटलं तर होतं त्याच्या निम्म्याने सुरू, आठवड्याभरात पूर्वीवर. लोक उलटं करतात, राहिलेलं भरून काढायला पहिल्याच दिवशी तळजाई टेकडीवर जाऊन पूर्ण फेरी मारतात आणि मग चार दिवस झोपून, आणि मग "मला सोसत नाही" हा निकाल. जून ते सप्टेंबर निसरड्या टेकडीवर जाण्यापेक्षा पार्किंगमध्ये किंवा गॅलरीत चाला, कंटाळवाणं आहे खरं, रेडिओ लावा.

प्र. ग्रुप बरा की घरी एकट्याने?

ज्याला माणसं लागतात त्याला ग्रुप. कमला नेहरू पार्कमध्ये सकाळी जाऊन बघा, निम्मे लोक व्यायामापेक्षा नंतरच्या चहासाठी येतात आणि त्यात वाईट काय आहे. एकजण आला नाही तर बाकीचे फोन करतात. हास्यक्लब, ज्येष्ठ नागरिक संघ, भजनी मंडळाच्या बायकांचं फिरणं, काहीही चालेल. पालखी पुण्यातून निघते त्या दिवशी दिवे घाट चढून सासवडला पोचणारे सत्तरीतले लोक एरवी एकटे तेवढं चालतील का?

योगासनं करायची असतील तर आपल्या पुण्यातच अय्यंगार गुरुजींनी खुर्ची, पट्टा, लाकडी ठोकळे, उशा घेऊन आसनं करायची पद्धत रुजवली, १९७५ पासून त्यांची संस्था मॉडेल कॉलनीजवळ आहे. खुर्चीच्या आधाराने केलं म्हणजे ते कमी दर्जाचं असं अजिबात नाही. हाडं ठिसूळ असल्याचं निदान असेल तर कमरेतून जोरात पुढे वाकायची आसनं टाळा, मणक्याला फ्रॅक्चर होऊ शकतं, हे शिक्षकांना आधीच सांगून ठेवा. बागेतल्या ओपन जिमची मशीन्स पहिल्यांदा कोणाला तरी सोबत घेऊनच.

प्र. स्मार्टवॉच घेऊन द्यावं का?

आवड असेल तर द्या. आकड्यांनी काहींना जोर चढतो, काहींना टेन्शन येतं. बीपी-हार्टसाठी बीटा ब्लॉकर गोळी चालू असेल तर नाडी फारशी वाढतच नाही, तिथे घड्याळाच्या आकड्यापेक्षा बोलता येतंय का हेच बघा.

प्र. शुगर आहे, काय सांभाळायचं?

इन्सुलिन किंवा शुगर खाली आणणाऱ्या काही गोळ्या चालू असतील तर रिकाम्या पोटी लांब चालायला जाऊ नका, खिशात साखरेची पुडी किंवा ग्लुकोज ठेवा, घाम-थरथर झाली की आधी तोंडात टाका आणि मग बाकी बघा. पायाला मुंग्या असतील तर अनवाणी नाही, हिरवळीवर पण नाही, आणि रात्री तळवे तपासायचे. बाकी तुमच्या डॉक्टरांकडून.

प्र. बाबांना विसरायला होतं. सांगितलेलं पाच मिनिटांत जातं.

मग सांगू नका, समोर बसून करून दाखवा, ते बघून करतात. जागा तीच, वेळ तीच, क्रम तोच, एका वेळी एकच सूचना. चेंडू दिला की फेकतात, जुनं गाणं लावलं की पाय आपोआप ठेका धरतो, तोही व्यायामच. पार्किन्सन असेल तर गोळीचा असर चांगला असतो त्या तासात करा, गोळी उतरल्यावर तोच माणूस दारातच अडकून उभा राहतो आणि घरच्यांना वाटतं मुद्दाम करतायत.

प्र. आम्ही दिवसभर ऑफिसात, ब्यूरोच्या मावशी असतात. त्यांच्याकडून होईल?

होईल, पण त्यांना कोणी शिकवत नाही हा प्रॉब्लेम आहे. फिजिओ येईल तेव्हा मावशींना शेजारी उभं करा, त्यांच्याकडून एकदा करून घ्या, त्यांच्याच मोबाइलमध्ये व्हिडिओ काढून द्या. आणि त्यांना हेही सांगा की आजींना उशीर लागला तरी चालेल. मावशी पटापट सगळं स्वतः करतात कारण त्यांना वाटतं तुम्ही त्याचेच पैसे देताय.

प्र. फिजिओला रोज किती महिने बोलवायचं? परवडत नाही हो.

पॅरालिसिसनंतरचे सुरुवातीचे महिने किंवा नुकतंच ऑपरेशन झालेलं असेल तर जास्त वेळा लागतं. बाकीच्यांना रोज यायची गरज नसते, आणि रोज आलं की पेशंट आम्ही आल्यावरच करतो, रविवारी सुट्टी. आठवड्यातून दोनदा, मग एकदा, मग पंधरा दिवसांनी असं कमी करत न्यायला सांगा, आणि मधल्या दिवसांचं काय करायचं ते लिहून घ्या, मोठ्या अक्षरात, मराठीत. दर महिन्याला ती ३० सेकंदांची उठबस मोजून कालनिर्णयच्या मागच्या पानावर आकडा टाका. आकडा दोन महिने तिथेच असेल तर व्यायाम सोपा झालाय, वाढवून घ्यायला बोलवा. खाली यायला लागला तर लवकर बोलवा.